पोलिस ॲक्शन : कायद्याच्या नजरेतून

बीड, गेवराई, अंबाजोगाई, आष्टी, कुठेही जा. जुन्या माणसांच्या बोलण्यात काळाची एक खूण हमखास येई. अमक्याचे लग्न 'पोलिस ॲक्शन'च्या आधीचे, तमकी विहीर नंतरची. आता बघा, १३ सप्टेंबर १९४८ रोजी मेजर जनरल चौधरींच्या हाताखालील फौज रणगाड्यांसह सोलापूरकडून नळदुर्गमार्गे निजामाच्या मुलखात शिरली. वर विमानेही होती. मग याला 'पोलिस' म्हणायचे कशासाठी? हा शब्द सहज पडलेला नव्हे. त्यात कायद्याचा मोठा पेच आहे.

१९४५ च्या संयुक्त राष्ट्रांच्या सनदेने एका राष्ट्राने दुसऱ्यावर बळ वापरण्यास बंदी घातली. अपवाद दोनच : सशस्त्र हल्ला झाल्यास स्वसंरक्षण, आणि सुरक्षा समितीची परवानगी. शेजारी रयतेवर जुलूम होतो म्हणून फौज धाडण्याची मुभा सनदेत कुठेही लिहिलेली नाही. मात्र राष्ट्राचा घरगुती मामला असेल, तर त्यात संयुक्त राष्ट्रांनीही सहसा पडू नये, असेही तीच सनद सांगते. लढाई राष्ट्राराष्ट्रांत होते, पोलिस घरात पाठवतात. शब्दाची निवड इथे उलगडते.

तेव्हा सारे अडले ते एका प्रश्नावर : हैदराबाद हे राष्ट्र होते काय? निजाम म्हणे, १९४७ च्या कायद्याने ब्रिटिशांचे अधिराज्य संपले, मी स्वतंत्र झालो. त्याने २१ ऑगस्ट १९४८ ला सुरक्षा समितीकडे तक्रारही नेली. १६ सप्टेंबरला पॅरिसमध्ये ती चर्चेला आली तेव्हा फौजा निम्म्या वाटेवर होत्या. भारतातर्फे रामस्वामी मुदलियार यांनी सांगितले की हैदराबाद राष्ट्रच नाही, तक्रार चालत नाही. दुसऱ्याच दिवशी निजामाने माघार घेतली, मागाहून तक्रारही काढून घेतली. समितीने निवाडा असा कधी दिलाच नाही.

माझ्या मते राष्ट्रत्वाच्या मुद्द्यावर भारताची बाजू भक्कम होती. नोव्हेंबर १९४७ च्या 'जैसे थे' कराराने परराष्ट्र व्यवहार भारताकडेच राहिले होते. पण त्याच कराराची मुदत वर्षाची होती, आणि तंटा पडल्यास लवादाकडे जावे असे त्यात कलम होते. ही कमकुवत बाजू झाकण्यात अर्थ नाही.

वर्गात मुले विचारतात, "सर, रझाकारांनी गावे लुटली, माणसे मारली, एवढे कारण पुरेसे नव्हते का?" माणुसकीला पुरेसे, कायद्याला नव्हे. कायदा इतका कठोर का? १९४९ मध्ये आंतरराष्ट्रीय न्यायालयाने कोर्फू खाडीच्या खटल्यात नेमके बोट ठेवले : हस्तक्षेपाचा असा हक्क मानला तर तो बलवानांच्याच हाती पडतो. दुबळे राष्ट्र कोणावर दया करायला फौज नेणार? १९९९ मध्ये कोसोव्होसाठी नाटोने परवानगीविना बाँबफेक केली, तेव्हा हाच वाद पुन्हा पेटला. २००५ मध्ये सर्व राष्ट्रांनी जनतेच्या रक्षणाची जबाबदारी मान्य केली खरी, पण बळाचा वापर सुरक्षा समितीमार्फतच, ही अट ठेवून.

आणि दयेच्या नावाने आत गेलेल्यावर पुढचीही जबाबदारी येते. इथे आपल्याला जरा अवघड बोलावे लागेल. पंडित सुंदरलाल आणि काझी अब्दुल गफार यांना केंद्र सरकारने १९४८ च्या अखेरीस संस्थानात पाठवले. कारवाईच्या काळात व नंतर २७ ते ४० हजार माणसे मेली, असा त्यांचा अंदाज. मरणारे बहुतांशी मुसलमान. हा आकडा सर्वांना मान्य नाही. उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर, नांदेड येथे सर्वांत भयंकर घडले. औरंगाबाद, बीड, नलगोंडा, मेदक या चार जिल्ह्यांत मिळून निदान ५ हजार. होय, आपला बीड त्या यादीत आहे. काही ठिकाणी लष्कर व पोलिसांतील माणसेही लुटीत सामील होती, असे अहवाल सांगतो. रझाकारांचे गुन्हे ज्यांनी केले, त्यांच्याशी या मेलेल्या विणकर-शेतकऱ्यांचा बहुधा काही संबंध नव्हता.

तो अहवाल कित्येक दशके छापला गेला नाही. त्यात एक नोंद अशीही आहे की काही ठिकाणी हिंदूंनी जिवावर उदार होऊन मुसलमान शेजाऱ्यांना वाचवले; हिंदू विणकरांनी मुसलमान विणकरांची पाठराखण केली.