ओरत्तनाडुची भूमी : पाहण्याची आणि टिपून ठेवण्याची रीत

(सुवर्णमहोत्सवी वर्षातील तंजावर-ओरत्तनाडु सहलीपूर्वी मंडळात दिलेले भाषण)



सहलीच्या कार्यक्रमपत्रिकेत ओरत्तनाडुपुढे "मुक्तांबाळ छत्र, दीड तास" एवढेच लिहिलेले आहे. दुसऱ्या सरफोजी महाराजांनी मुक्तांबाळेच्या स्मरणार्थ १८०२ च्या सुमारास उभारलेले हे छत्र आणि रामेश्वराच्या वाटेवरील यात्रेकरूंना तेथे घडणारे अन्नदान यांविषयी पुढच्या रविवारी अधिकारी वक्ते बोलणार आहेतच. आमच्याकडे जो विषय सोपविला आहे तो छत्राखालच्या जमिनीचा. त्या दीड तासातील अर्धा तास आपण या जमिनीसाठी द्यावा, एवढीच आमची मागणी आहे.

आमचा अधिकार काय, हे आधी सांगणे बरे. आम्ही बी. ए., तेही इतिहास घेऊन. केंद्र सरकारच्या नोकरीत प्रशासनाच्या बाजूला असताना भूवैज्ञानिकांची प्रवासभत्त्याची बिले तपासण्याचे काम काही वर्षे आमच्याकडे होते. एक गृहस्थ एकाच ओढ्यावर एका हंगामात तीनदा जाऊन आले, तेव्हा "प्रयोजन स्पष्ट करावे" असा शेरा आम्ही मारला. त्यांनी लेखी खुलासा दिला नाही; चौथ्या खेपेला आम्हालाच जीपमध्ये बसविले. संध्याकाळी परतताना तो शेरा आम्ही मनातल्या मनात मागे घेतला होता. पहिल्या खेपेला ओढ्याला पाणी होते, दुसऱ्या खेपेला गाळ, तिसऱ्या खेपेला दरड नुकतीच कोसळली होती. खडक दिसला तो तिसऱ्या खेपेला, आणि मोजला गेला चौथ्या. पुढे अनेक दौऱ्यांत आम्ही या गृहस्थांचे बिनपगारी उमेदवार झालो.

या विद्येतील पहिले हत्यार हातोडा नसून नोंदवही आहे. वही जाड पुठ्ठ्याची, खिशात मावेल अशी असावी. पेन्सिल दोऱ्याने तिला बांधलेली असावी, कारण शाई घामाने आणि पावसाने फुटते. प्रत्येक नोंदीच्या डोक्यावर तारीख, वेळ आणि जागा. "ओरत्तनाडुजवळ" ही जागा नव्हे. अमुक मैलाचा दगड, त्यापासून पूर्वेस इतकी पावले, विहिरीचा दक्षिण काठ, ही जागा. तुमच्यामागून दहा वर्षांनी येणारा परका माणूस त्या वर्णनावरून नेमका तेथे उभा राहिला पाहिजे. भारतीय सर्वेक्षण विभागाच्या नकाशांत हा भाग ५८ एन या क्रमांकाखाली येतो. एकास पन्नास हजार प्रमाणाचा तक्ता बरोबर असला म्हणजे पावले मोजण्यास आधार मिळतो. दिशा पाहताना होकायंत्राजवळ हातोडा ठेवू नये, हे सांगण्याचे कारण आम्ही तो ठेवला होता आणि त्या दिवशीची उत्तर दिशा भलतीकडेच गेली होती.

आता मुख्य गोष्ट. डाव्या पानावर दिसले ते लिहावे, उजव्या पानावर वाटले ते. हा नियम ऐकताना पोरखेळ वाटतो. पाळताना घाम फुटतो.

ओरत्तनाडुस आम्ही प्रथम गेलो, त्याला दहा वर्षे होऊन गेली. तंजावर सोडून पट्टुक्कोट्टैच्या रस्त्याला लागले की कावेरीच्या गाळाची काळसर भातशेती मागे पडत जाते आणि जमीन लाल होते. मुरूम काढलेल्या एका खड्ड्यापाशी जीप थांबली. समोर लाल-पिवळा, भोकाभोकांचा दगड. आम्ही रत्नागिरी जिल्ह्यातले, जांभ्याच्या चिऱ्यांच्या घरात जन्मलेले. इतक्या दूर, तमिळ मुलखात, घराच्या भिंतीचा दगड भेटलेला पाहून आम्हाला काय वाटले असेल हे या सभागृहात निराळे सांगावयास नको. आम्ही डाव्या पानावर लिहिले : "जांभा. कोकणातल्यासारखाच. मूळ खडक काळा पाषाण."

आमच्या गुरूंनी ती ओळ वाचली आणि काही न बोलता दहापट मोठे दाखविणारे भिंग पुढे केले. भिंग डोळ्याला चिकटवून धरावे आणि दगड भिंगाकडे आणावा. नवखा मनुष्य नेमके उलट करतो. दगडाचा ताजा फुटलेला पृष्ठभाग पाहताच लाल लेपात अडकलेले पांढरट, काचेसारखे कण दिसले. ते गारेचे, म्हणजे क्वार्ट्झचे कण. सह्याद्रीच्या काळ्या पाषाणात असले कण जवळजवळ नसतात, म्हणून त्यापासून बनलेल्या आमच्या जांभ्यातही ते असे विखुरलेले सापडत नाहीत. येथला जांभा कडलूर वालुकाश्म या नावाने ओळखल्या जाणाऱ्या वाळूच्या खडकावर तयार झालेला आहे. बुकानन याने १८०७ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात केरळातील अंगाडिपुरमच्या अशा दगडाला विटेवरून 'लॅटराइट' हे नाव दिले, ते दगडाच्या रूपावरून आणि उपयोगावरून. त्याचे माहेर त्या नावात सांगितलेले नाही.

चुकीची ओळ खोडरबराने पुसू दिली गेली नाही. एक आडवी रेघ, शेजारी सही आणि तारीख, खाली नवी नोंद. सरकारी फाइलीत टिप्पणी दुरुस्त करण्याची हीच रीत आम्ही वीस वर्षे इतरांना शिकवीत होतो!

बाकीचे सामान थोडके. थरांच्या खडकासाठी छिन्नीच्या तोंडाचा हातोडा आणि कठीण स्फटिकी खडकासाठी टोकदार चोचीचा; फोडताना डोळ्यांवर चष्मा हवाच. चुना ओळखण्यासाठी भूवैज्ञानिक सौम्य हायड्रोक्लोरिक आम्ल बाळगतात. मुले बरोबर असताना ते नको. चुनखडीचा खडा चुरून भुकटीवर लिंबू पिळले तरी हलकेसे फसफसते. गाळ आणि चिकणमाती यांत संशय आला तर कण दातांत धरून पाहावा, गाळ करकरतो आणि चिकणमाती लोण्यासारखी लागते. (आमच्या सौभाग्यवतींना ही पद्धत अजून मान्य नाही.) सपाट मुलखात डोंगरकडे नसतात, म्हणून विहिरी, मुरुमाचे खड्डे आणि मेट्टूर धरणाच्या योजनेत १९३० च्या दशकात झालेल्या कल्लणै कालव्याचे काठ पाहावेत, सिमेंटचे अस्तर नसलेला तुकडा मिळाला तर उत्तम.

नमुना उचलला की तेथल्या तेथे त्याला क्रमांक द्यावा, दगडावरही आणि वहीतही. त्याच पहिल्या फेरीत एका नव्या विहिरीतून निघालेला निळसर चिकणमातीचा गोळा आम्ही वर्तमानपत्रात गुंडाळून आणला, क्रमांक "नंतर" घालण्याचे ठरवून. पुढच्या बदलीच्या वेळी खोके उघडले तेव्हा सारखेच दिसणारे चार गोळे निघाले. ती विहीर आता तळापासून वरपर्यंत सिमेंटच्या कड्यांनी बांधलेली आहे. तो थर पुन्हा कोणाला दिसावयाचा नाही.

ग्रंथांविषयी थोडेसे. मराठीत शोधणाऱ्याने विश्वकोश उघडावा. त्यातील भूविज्ञानाच्या अनेक नोंदींखाली क. वा. केळकर हे नाव दिसेल, आणि पारिभाषिक शब्दांची अडचण तेथे बरीच दूर होते. इंग्रजीत वाडियांचा १९१९ चा ग्रंथ आणि एम. एस. कृष्णन यांचा १९४३ चा, हे दोन्ही जुने झाले तरी वाचण्यास गोड आहेत. कृष्णन हे तंजावरचेच. १९५१ साली ते भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे पहिले भारतीय संचालक झाले. पेरंबलूर जिल्ह्यातील सातनूर येथे सुमारे १८ मीटर लांबीचा, दगड झालेला वृक्षाचा बुंधा आहे, तो १९४० मध्ये त्यांनीच उजेडात आणला. क्षेत्रात काम कसे करावे, यासाठी लाही यांचे १९१६ चे पुस्तक आजही हाती धरण्यासारखे आहे.

एक गोष्ट कोणत्याच पुस्तकात आम्हाला सापडली नाही. मार्च २०२३ मध्ये लिग्नाइटच्या लिलावाच्या यादीत ओरत्तनाडु तालुक्यातील वडसेरीचा गट आला. हा मुलूख २०२० च्या कायद्याने संरक्षित शेतीक्षेत्रात मोडणारा. तमिळनाडूत मोठा विरोध झाला आणि एप्रिलमध्ये केंद्राने तो गट आणि त्याबरोबरचे दोन वगळत असल्याचे जाहीर केले. त्यानंतर थोड्याच दिवसांत आम्ही रजेवर, निव्वळ हौसेने, हातोडा आणि वही घेऊन तेथे एका बांधावर उभे होतो. खांद्यावर पंचा टाकलेले एक वृद्ध शेतकरी आले. त्यांच्या बोलण्यातला एकच शब्द आम्हाला पुरता कळला : "निलक्करी", म्हणजे कोळसा. आमच्याबरोबर तंजावरचे एक मराठी स्नेही होते. आम्ही सरकारी नोकर आहोत, पण सरकारी कामावर आलेलो नाही, हे त्यांनी सांगितले. वृद्धांचा विश्वास बसला नाही, आणि बसावा असे काही कारणही नव्हते. जमिनीत काय आहे हे लिहून घेणाऱ्या माणसाचे त्यांना भय वाटत होते. आम्ही बांधावर चढण्यापूर्वी त्यांना विचारले नव्हते, ही चूक आमची.

"काय लिहिले ते वाचा," ते म्हणाले. आमच्या स्नेह्यांनी डावे पान तमिळमध्ये वाचून दाखविले : लाल माती दोन हात, खाली जांभ्याचे खडे, त्याखाली पांढरट वाळू. उजवे पानही वाचले. तेथे प्रश्नचिन्हांखेरीज फारसे काही नव्हते. म्हातारबुवांनी मान हलविली, बांधाच्या पूर्व टोकाला नेले आणि पायाने माती उकरून सांगितले की येथे माती दोन हात नव्हे, तीन हात आहे. आपण स्वतः विहीर खणली आहे. आम्ही ते डाव्या पानावर घेतले आणि पुढे लिहिले, "शेतमालकांच्या सांगण्यावरून." त्यांनी तेही वाचावयास लावले.

तेव्हा सहलीत हातोडे दोनच असतील, तेही आमच्या पिशवीत. छत्राच्या दगडाला कोणी हात लावावयाचा नाही. कोणाच्याही शेतात शिरण्यापूर्वी विचारावयाचे, आणि विचारण्यापुरते तमिळ पुढच्या रविवारी सर्वांनी पाठ करून यावयाचे आहे. वह्या मंडळातर्फे मिळतील. पेन्सिल आणि दोरा घरून आणावा.