ठशाला विचारायचा प्रश्न



आज ज्या कामाविषयी बोलायचे ठरवले आहे, त्यासाठी सरकारी आस्थापनेत कधी स्वतंत्र पद नव्हते. सरून जाणारा क्षण हातात धरता येईल अशा वस्तूत उतरवून ठेवणे, हे ते काम. असा व्यवसाय एखाद्या कथेतच शोभेल असे वाटते. पण ताडोबाच्या व्याघ्र प्रकल्पातल्या धुळीच्या रस्त्यांवर तो खरोखर चालला, आणि खाकी कपड्यातल्या माणसांनी तो चालवला. पहाटे वाघ गेला असेल त्या वाटेवर मागच्या डाव्या पायाचा स्पष्ट ठसा शोधायचा. त्यावर बुटक्या पायांची काच ठेवून कडा रेखायची आणि ती कागदावर उतरवायची. मग ठशाभोवती पत्र्याची किंवा पुठ्ठ्याची पट्टी उभी करून, पाण्यात कालवलेले प्लास्टर ऑफ पॅरिस बुडबुडे न धरता हळूहळू ओतायचे. ते घट्ट होईपर्यंत वाट पाहायची आणि अलगद उचलायचे. मातीत जो खळगा होता, तो साच्यात उंचवटा होऊन येतो. वारा, गुरे, पुढची जिप्सी किंवा पहिला पाऊस यांपैकी कोणीही जे पुसून टाकणारच होते, ते टिकते.

या कामाला देशव्यापी शिस्त लावली ओडिशाचे वनाधिकारी सरोज राज चौधरी यांनी. 1966 च्या सुमारास त्यांनी पगमार्कवरून, म्हणजे पंजाच्या ठशावरून, वाघ मोजण्याची पद्धत बसवली. 1972 च्या पहिल्या अखिल भारतीय गणनेत 1827 हा आकडा तिच्यातूनच आला आणि पुढच्याच वर्षी व्याघ्र प्रकल्प सुरू झाला. तीन दशके देशाने वाघांचा हिशेब याच साच्यांवर ठेवला. 2002 मध्ये तो 3642 पर्यंत गेला. या पद्धतीचे गृहीत असे होते की प्रत्येक वाघाचा ठसा वेगळा असतो आणि जाणकार नजर तो ओळखते. वाघांचे अभ्यासक उल्हास कारंत आणि इतर शास्त्रज्ञांनी या गृहीतकावर बोट ठेवले. एकाच वाघाचा पंजा ओल्या गाळात पसरतो, कोरड्या फुफाट्यात त्याच्या कडा ढासळतात, चढावर बोटे रुततात. मग दोन साचे म्हणजे दोन वाघ, असे कसे म्हणायचे? कागदावर वाघ असताना राजस्थानातल्या सारिस्कात एकही उरला नसल्याचे उघड झाले आणि हा वाद शास्त्रज्ञांपुरता राहिला नाही. 2005 मध्ये सुनीता नारायण यांच्या अध्यक्षतेखालील व्याघ्र कृती दलाचा अहवाल आला. 2006 पासून कॅमेरा ट्रॅप आणि संख्याशास्त्र यांवर आधारलेली पद्धत सुरू झाली. तिचा पहिला अंदाज 1411 होता.

हा निर्णय योग्य होता, याविषयी माझ्या मनात शंका नाही. माझे म्हणणे वेगळे आहे. साचा खोटे बोलला नव्हता. आपण त्याला ‘हा कोण?’ असे विचारत राहिलो, आणि त्याचे उत्तर त्याच्याजवळ नव्हतेच. ‘या जागी, या घडीला काय घडले?’ हे मात्र तो सांगत होता, आणि ते आपण टिपून घेतले नाही. गाळात पसरलेला पंजा मोजणीच्या दृष्टीने दोष ठरतो. क्षणाच्या नोंदीत तोच मजकूर असतो. माती किती ओली होती, जनावर रमतगमत चालले होते की अंग चोरून, कुठल्या पायावर भार होता, हे सगळे त्या विकृतीतूनच कळते. गणनेने जे गाळून टाकायचे ठरवले, त्यातच तो प्रसंग होता.

पदार्थात जपलेल्या क्षणाचे मोल काय असते, हे सांगायला आपल्याला ताडोबाच्या चंद्रपूर जिल्ह्याबाहेर जावे लागत नाही. वरोऱ्याजवळच्या पिसदुऱ्याच्या मातीत डायनोसॉरांची अश्मीभूत विष्ठा सापडते. भूवैज्ञानिक मॅटली यांनी 1939 मध्ये तिचे वर्णन केले, तेव्हा ती कोणत्या प्राण्याची असावी ही उत्सुकता होती. पुराजीवशास्त्रज्ञ वंदना प्रसाद, अशोक साहनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2005 मध्ये तिथल्याच विष्ठेत गवताच्या पेशींमधले सूक्ष्म सिलिकाकण दाखवले. गवताचा खरा विस्तार डायनोसॉर संपल्यावरचा, अशी तोवरची समजूत होती. पिसदुऱ्याच्या एका जेवणाने ती मागे सारली. ज्या वर्षी वाघाच्या साच्यावरचा विश्वास उडाला, त्याच वर्षी याच चंद्रपूर जिल्ह्यातली साडेसहा कोटी वर्षांहून जुनी विष्ठा बोलती झाली, हा योगायोग मला महत्त्वाचा वाटतो. नोंद करणाऱ्याला जे सुचलेही नव्हते, ते विचारायची सोय वस्तू पुढच्यांसाठी ठेवते. साच्याच्या पाठीला चिकटलेले मातीचे कणही तसेच आहेत. त्यांना काय विचारायचे, हे कदाचित पन्नास वर्षांनी कळेल.

यावर पहिला आक्षेप उघड आहे. कॅमेरा वाघाचे पट्टे दाखवतो, तारीख आणि वेळ छापतो, मग प्लास्टर कशाला? गणनेसाठी नकोच. पण कॅमेरा जिथे बांधला तिथलेच पाहतो. जिल्ह्यातल्या ब्रह्मपुरी, सिंदेवाही, मूल, सावली या भागांत माणसे मारली जातात ती मोहफुलांच्या झाडाखाली, तेंदूपानांच्या जंगलात, धानाच्या बांधीवर. हल्ला तिथेच होईल हे कोणाला आधी ठाऊक नसते. कोणत्या वाघाने मारले हे केसांच्या किंवा लाळेच्या डीएनएवरून ठरवता येते, तेही मान्य. पण तो कुठून आला, दबा धरून होता की अचानक समोरासमोर आला, माणूस वाकलेला होता की उभा, हे सांगणारी लिपी त्या जमिनीवर काही तासच असते. पंचनाम्यात ‘वाघाचे पगमार्क आढळले’ एवढे वाक्य लिहून ती लिपी मिटू देणे मला मृतावरही अन्याय वाटते आणि वाघावरही. बेसावध समोरासमोर आलेल्या जनावराला नरभक्षक ठरवायचे की नाही, हा त्याच्या जिवाचा प्रश्न आहे.

दुसरा आक्षेप अधिक कठीण आहे. साचे जड असतात, ओल धरतात, फुटतात, आणि कोठीत पडून राहिलेल्या ढिगातून काहीच कळत नाही. हे खरे आहे. तारीख, वेळ, बीट, कक्ष क्रमांक आणि मातीचा प्रकार ज्यावर नाही, तो साचा प्लास्टरचा गोळाच. नाव उरले आणि बाकी तपशील गेला की काय होते, हे ताडोबा तलावाकाठचे तारूचे ठाणे सांगते. वाघाशी झुंजताना पडलेल्या तारू या गावप्रमुखाची आठवण गोंड समाजाने तिथे श्रद्धेने राखली, आणि ती श्रद्धा थोर आहे. पण ती झुंज कोणत्या ऋतूत, कोणत्या वाटेवर झाली, हे आता कोणी सांगू शकत नाही. श्रद्धेला त्याची गरज नाही; अभ्यासाला आहे. म्हणून सगळेच ठसे जपावेत असे मी म्हणत नाही. मनुष्यहानीची जागा, पिल्लांसह फिरणारी वाघीण, वाघ पूर्वी न दिसलेल्या वाटेवरचा पहिला माग, एवढे प्रसंग निवडले तरी काम आवाक्यात राहते.

साहित्याच्या व्यासपीठावर हे का, असेही कोणी विचारील. वनखात्यात नोकरी करता करता लिहिणारे मारुती चितमपल्ली 2006 मध्ये सोलापूरच्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले, ते रानातली माणसे काय पाहतात आणि कोणत्या शब्दांत सांगतात, हे त्यांनी टिपून ठेवले म्हणून. साच्यासोबत जाणारी चिठ्ठी हाही लेखनाचाच प्रकार आहे, आणि ती चांगल्या मराठीत लिहिणे शिकवता येते. ताडोबाचे कोअर क्षेत्र 1 जुलैपासून तीन महिने पर्यटनासाठी बंद असते, पावसात रस्ते पुसले जातात. त्या तीन महिन्यांत इथे मोहर्ली गावात वनरक्षक आणि लेखक यांनी एकत्र बसून या चिठ्ठीचा नमुना तयार करावा, अशी माझी सूचना आहे. त्यात मोजमापांइतकीच जागा मोकळ्या वर्णनाला असावी. आणि ठसा ज्याला प्रथम दिसला, तो रोजंदारीवरचा वनमजूर असला तरी, त्याचे पूर्ण नाव पहिल्या ओळीत असावे.