आठवणींचं करायचं काय?

(मंडळाच्या गणेशोत्सवात तरुणांसमोर केलेलं भाषण)



मांडवात प्रेमभंगावर कसलं भाषण, असं काहींना वाटेल. पण ठरलेलं लग्न मोडलं म्हणून माझा पुतण्या जेवेना, कामावर जाईना. वहिनी म्हणाल्या, "भावजी, तुम्हीच सांगा त्याला काहीतरी." उपदेश करायला तोंड होईना, म्हणून माझीच गोष्ट सांगितली.

बारावीला मी देवचंद कॉलेजात होतो. घर निपाणीत, कर्नाटकात. कॉलेज अर्जुननगरला, महाराष्ट्रात. वर्गातल्या एका मुलीवर जीव जडला. मी डिप्लोमाला बेळगावला गेलो, पत्रं चालू राहिली. शेवटच्या वर्षी तिचं लग्न दुसरीकडे ठरलं. चूक कुणाचीच नव्हती. पण पुढं वर्षभर स्टँडवर तिच्या गावची गाडी लागली, की मी तोंड फिरवायचो.

तेव्हा वाचनालयात माधव जूलियन हाती लागले. हे आपल्या शेजारच्या कोल्हापूरला राजाराम कॉलेजात प्राध्यापक होते. प्रेमातलं दुःख त्यांनीही सोसलं. १९२६ साली त्यांचं 'विरहतरंग' आलं. पण त्याच माणसानं १९२५ साली फार्शी-मराठी कोश दिला, पुढं 'छंदोरचना' लिहिली, १९३६ साली जळगावच्या साहित्य संमेलनाचं अध्यक्षपद भूषवलं. दुःखाला त्यांनी कवितेत जागा दिली; सगळं आयुष्य दिलं नाही. मला तेवढं पुरलं.

पुतण्याला तीनच गोष्टी सांगितल्या. एक, वेळेवर जेव आणि कामावर जा. मन मागून येतं. दोन, तिचे फोटो रोज उघडू नकोस, पुसवत नसतील तर बहिणीकडे ठेवायला दे. तीन, ती 'नाही' म्हणाली तिथं विषय संपला. पुन्हा फोन नाही, चारचौघांत बदनामी नाही. आणि जिवाचं बरंवाईट करावंसं वाटलं, तर रात्री दोन वाजता मला उठव. कुणाला घरात बोलवत नसेल, तर सरकारची टेलि-मानस सेवा आहे, नंबर १४४१६, पैसे पडत नाहीत. त्यात लाज कसली?

विसर्जनानंतर आपण पाटावर थोडी वाळू घेऊन घरी येतो. मूर्ती परत आणत नाही. आठवणीचंही तसंच. चिमूटभर राहू द्यावी, बाकीची पाण्याला द्यावी.

पुतण्या आज मांडवात आहे. आरतीची तबकं तोच फिरवतोय.

गणपती बाप्पा मोरया!