ओळख आधीच हवी



1970 आणि 1984 मध्ये भिवंडी दंगलीत होरपळली. नंतर पोलीस उपायुक्त सुरेश खोपडे यांनी मोहल्ला कमिट्या उभ्या केल्या. हिंदू-मुस्लिम शेजारी पोलिसांसोबत नियमित बसू लागले. 1992-93 मध्ये मुंबई पेटली, भिवंडी शांत राहिली.

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर. सर्व्हर बंद पडल्यावर बॅकअप घेता येत नाही, तो आधीच घ्यावा लागतो.

पुण्यात माझं नाव ऐकून एका घरमालकानं फ्लॅट नाकारला, तेव्हा रागानं आपल्याच वस्तीत राहायचं ठरवलं. मग वाटलं, वेगळा शेजारीच नसेल तर कमिटीत बसणार कोणासोबत? आज मिश्र सोसायटीत राहतो. पाण्याच्या टँकरवर वाद होतात, मीही भांडतो.

ईदला शिरखुर्मा द्याच. पण सोसायटीच्या मीटिंगलाही जा. ओळख तिथं पक्की होते.