आधी ओढा मोजा

(सांगलीत वसंत व्याख्यानमालेत दिलेलं व्याख्यान, ध्वनिमुद्रणावरून)



पत्रिकेत विषय छापलाय ‘वाढती शहरं आणि आपण’. मोठा विषय आहे, आणि मला तासभरच दिलाय. माझी सगळी नोकरी भूमी अभिलेख खात्यात, मोजणीच्या कामात गेली. सातारा आणि सांगली या दोन जिल्ह्यांतलं शिवार पायाखालून गेलं. त्यातून एक गोष्ट डोक्यात पक्की बसलीय आणि तीच सांगायला आलोय. शहर वाढवायचं असेल तर आधी त्यातले ओढे मोजा. रस्ते, बागा, उड्डाणपूल मग.

पुराचा इतिहास मी तुम्हाला सांगायला नको. आयर्विन पुलावर 40 फुटांना इशारा, 45 ला धोका. 2005 ला पाणी 54 च्या आसपास गेलं, 2019 ला 57 च्या वर, 2021 ला पुन्हा 55 च्या जवळ. कोयनेचा विसर्ग, अलमट्टीचा फुगवटा, वडनेरे समितीचा अहवाल, यावर इथं प्रत्येक कट्ट्यावर तज्ज्ञ बसलेत. (हशा) ते सगळं सोडून देतो. मला एवढंच विचारायचंय, नदी काठ सोडायच्या आधी पाणी शहरात कुठून शिरतं?

(मागून आवाज : शेरीनाला!)

बरोबर. कृष्णा चढली की शेरीनाल्याचं पाणी पुढं जात नाही, मागं फिरतं. सूर्यवंशी प्लॉट, इनामदार प्लॉट, दत्तनगर इथल्या लोकांना पूर पहिल्यांदा दिसतो तो नदीकडून नाही, नाल्याकडून. आणि शामरावनगरला तर पुराचीही गरज नाही. काळी माती, खोलगट जमीन. चार दिवस चांगला पाऊस लागला की पाणी तुंबतं आणि हलत नाही. त्याला जायची वाट होती, ती राहिली नाही.

ती कशी गेली, हे मी जवळून बघितलंय.

गावनकाशा उघडलात तर ओढा दोन रेघांनी काढलेला दिसेल. त्याला गट नंबर नसतो, त्यामुळं सातबारा नसतो. लहानसा असेल तर शेजारच्या गटात ‘पोटखराबा ब’ म्हणून थोडे आर लिहिलेले असतात. 1966 च्या जमीन महसूल अधिनियमाच्या कलम 20 प्रमाणं नदी, ओढे, नाले सरकारचे. म्हणजे मालक आहे, पण राखण करणारा कुणी नाही. शेत होतं तोवर अडचण आली नाही, कारण ओढा बुजवला तर शेतकऱ्याचंच पीक सडायचं. शेताचे गुंठे पडले आणि तो धाक गेला.

एक प्रकरण सांगतो. दोन मिनिटांत आटपतो.

उपनगरातले एक मास्तर होते. निवृत्तीच्या पैशातून घेतलेला दीड गुंठा, त्यावर बांधलेलं घर. शेजाऱ्याशी भिंतीवरून वाद झाला म्हणून हद्द कायम करायला त्यांनी मोजणीचा अर्ज केला. मी कागद मागितले. मास्तरांचं काम नीटनेटकं, आधीच्या मालकांची खतंसुद्धा त्यांनी जपून ठेवलेली. सगळ्यात जुन्या खतात चतुःसीमेत लिहिलं होतं, ‘पूर्वेस ओढा’. त्यानंतरच्या खतात ‘पूर्वेस खुली जागा’. मास्तरांच्या स्वतःच्या खतात ‘पूर्वेस वीस फुटी रस्ता’. जमीन तीच, तिसऱ्या कागदापर्यंत ओढ्याचा रस्ता झाला होता.

मोजणीचं टेबल लावलं. जुनी खूण सापडेना. पोरं इकडंतिकडं कुदळ मारत होती, तेवढ्यात समोरच्या घरातल्या आजी बाहेर आल्या. त्या मूळच्या तिथल्या, प्लॉट पडायच्या आधीपासूनच्या. ‘काय हुडकताय?’ म्हणाल्या. सांगितलं. तर त्या सरळ चालायला लागल्या आणि आम्ही मागं. कोपऱ्यावर जुना गाडीरस्ता होता, त्यावर घडीव दगडांची मोरी. बैलगाडी जाईल एवढी रुंद, खाली दोन गाळे. एका गाळ्यात कुणीतरी सिमेंटची पोती रचलेली, दुसऱ्यात भंगार. ‘हितं आम्ही गोधड्या धुवायचो,’ आजी म्हणाल्या, ‘दिवाळीपातूर पाणी असायचं.’ मग एकेक करंज दाखवत गेल्या. तीन झाडं एका ओळीत, चौथ्याचा बुंधा कुणाच्या तरी कंपाउंडच्या भिंतीत चिणलेला. मी मोरीपासून करंजांची ओळ धरून रेघ मारली आणि गावनकाशावर बसवली. बसली! ओढ्याची रेघ मास्तरांच्या स्वयंपाकघरातून जात होती, पुढं दोन घरांच्या जिन्याखालून, आणि तिथून रस्त्याखाली.

मास्तर बराच वेळ नकाशाकडं बघत राहिले. मग म्हणाले, ‘तरीच दर पावसाळ्यात फरशी घामेजते.’ भिंतीचा वाद त्यांनी त्याच दिवशी सोडून दिला.

(एक श्रोते : साहेब, तुमचंच खातं ना मोजणी करणारं? मग तेव्हा गप्प का बसलात?)

बसा, बसा. प्रश्न रास्त आहे, उत्तर देतो. मोजणी अर्जावर होते. ज्याला गरज तो अर्ज करतो, फी भरतो, आम्ही त्याची हद्द दाखवतो. ओढा अर्ज करत नाही. त्याच्या वतीनं अर्ज करायची जबाबदारी ज्यांची, त्यांनी तो केला नाही. आणि हे मी तुमच्यावर ढकलत नाही. गुंठेवारीत घर घेणारा माणूस गिरणीत, बाजार समितीत, एसटीत राबलेला असतो. त्याला स्टँपपेपरवर जे दाखवलं ते त्यानं घेतलं. 2001 चा गुंठेवारी कायदा आला, 2021 मध्ये त्याची मुदत 2020 अखेरपर्यंतच्या बांधकामांना वाढवली, घरं नियमित झाली. चांगलं झालं. पण घर नियमित करताना खालचा ओढाही मोजून नोंदवला असता, तर बिघडलं काय असतं?

आता आमच्या साताऱ्याचं. तुम्ही म्हणाल, डोंगरावरच्या माणसाला पुराचं काय कळतं. (हशा, टाळ्या) कळतं. सातारा वसलंच उताराच्या पाण्यावर. छत्रपतींच्या काळात महादऱ्याचं, यवतेश्वरचं पाणी उतारानं गावात आणलं, पेठापेठांत हौद बांधले. पुढं कासचं पाणी उघड्या पाटानं सव्वीसेक किलोमीटर चालत आलं, पंपाशिवाय. ज्या गावानं पाणी आणताना डोंगराचा उतार इतका बारकाईनं वाचला, तेच गाव आज अजिंक्यताऱ्यावरून उतरणारे ओढे स्लॅबखाली घालतंय. 2020 ला हद्दवाढ झाली, शाहूपुरी, विलासपूर शहरात आले. जोराचा पाऊस तासभर झाला की त्या बाजूचे रस्तेच ओढे होतात. पाणी वेण्णेला जायचं ते जातंच, फक्त तुमच्या दारावरून.

पुण्याच्या आंबिल ओढ्याला 25 सप्टेंबर 2019 च्या रात्री पूर आला, तो काय करून गेला ते तुम्ही वाचलंय. आणि ज्या 2005 साली सांगली बुडाली, त्याच साली दक्षिण कोरियात सोल शहरानं आपला झाकलेला ओढा उघडा केला. वर उन्नत महामार्ग होता, तो पाडून जवळजवळ सहा किलोमीटर ओढा मोकळा केला. त्यात आज पाणी पंपानं सोडावं लागतं, तेव्हा सगळंच उचलू नका. पण महामार्ग पाडायची हिंमत एका महापौरानं दाखवली, ती उचलण्यासारखी आहे.

आपल्याला काही पाडायची गरज बहुतेक ठिकाणी नाही. माझी मागणी साधी आहे. महापालिकेनं आणि साताऱ्याच्या नगरपालिकेनं हद्दीतल्या प्रत्येक ओढ्याच्या मोजणीचा अर्ज स्वतः करावा, फी भरावी. दोन्ही काठांना दगड रोवावेत. प्रत्येक ओढ्याला नाव आणि नंबर द्यावा आणि विकास आराखड्यात त्याची रेघ सगळ्यात आधी पडावी. जिथं घर आहे तिथं शेजारून वाट द्यावी, मोठी मोरी टाकावी. जिथं अजून शेत आहे, मिरजेकडं, कुपवाडकडं, तिथं काठ सोडून झाडं लावावीत, चालायची वाट करावी. संध्याकाळी फिरायला जागा नाही म्हणून ओरड असते ना? ती जागा हीच.

(अध्यक्षांकडून चिठ्ठी.)

पाच मिनिटं राहिली म्हणतायत. शेरीनाल्याचं सांडपाणी धुळगावला नेण्याची योजना, त्यातलं बरं आणि वाईट, यावर बोलायचं होतं, ते राहिलं. कचऱ्याचंही राहिलं. पुन्हा बोलवा.

एकच काम सांगतो. घरी गेल्यावर कपाटातलं खरेदीखत काढा, आधीच्या मालकाचं असेल तर तेही. चतुःसीमा वाचा. कुठं ‘ओढा’, ‘नाला’, ‘ओघळ’ असं लिहिलेलं सापडलं तर झेरॉक्स काढून वॉर्डच्या नगरसेवकाकडं द्या, एक प्रत मला द्या. घर जाईल अशी भीती बाळगू नका. मला घरं पाडायची नाहीत, पाण्याची वाट हुडकायचीय. इथं टेबलावर शहराच्या आसपासच्या गावांचे गावनकाशे ठेवलेत. अध्यक्षांनी परवानगी दिली तर दिवे बंद होईपर्यंत मी थांबतो. आपापला भाग बघून जा. ज्यांना नकाशावर घर सापडणार नाही, त्यांना मी काढून देतो.