लॅपटॉपच्या पोटातला दुसरा कॉम्प्युटर

लिनक्स शिकायचंय, पण घरात लॅपटॉप एकच. त्यावर ताईचा प्रोजेक्ट, बाबांची कागदपत्रं, सगळ्यांचे फोटो. अशा वेळी कुणीतरी सांगतं, ‘ड्युअल बूट कर ना!’ जरा थांबा. इन्स्टॉल करताना चुकीचं पार्टिशन पुसलं, तर हे सगळं जाऊ शकतं.

त्यापेक्षा व्हर्च्युअल मशीन बनवा. म्हणजे काय, तर विंडोजच्या आत एका खिडकीत चालणारा दुसरा कॉम्प्युटर. त्यातल्या लिनक्सला वाटतं आपल्याकडे खरी हार्ड डिस्क आहे. प्रत्यक्षात ती तुमच्या डिस्कवरची एक मोठी फाइल असते. आत सगळं फॉरमॅट केलंत, तरी बाहेरचे फोटो जागच्या जागी.

आधी टास्क मॅनेजरमध्ये परफॉर्मन्स, मग सीपीयू बघा. तिथे व्हर्च्युअलायझेशन ‘एनेबल्ड’ हवं. नसेल, तर बायॉसमध्ये जाऊन चालू करा. इंटेलवर नाव असतं व्हीटी-एक्स, एएमडीवर बहुतेकदा एसव्हीएम. मग व्हर्च्युअलबॉक्स टाका, फुकट आहे. उबुंटूची आयएसओ फाइल काही जीबीची असते, ती वायफायवरच उतरवा.

आता रॅम. लॅपटॉपची ८ जीबी असेल, तर उबुंटूला ४ द्या आणि क्रोमचे टॅब बंद करा, कारण मशीन चालू असेपर्यंत ती रॅम विंडोजला मिळत नाही. डिस्कला २५ जीबी पुरे. एकूण रॅमच ४ जीबी असेल, तर हे सगळं रडतखडत चालेल. तिथे लुबुंटूसारखं हलकं लिनक्स पेन ड्राइव्हवरून लाइव्ह चालवून बघा, फक्त ‘इन्स्टॉल’ला हात लावू नका.

काहीही नवीन करण्याआधी स्नॅपशॉट घ्या. बिघडलं, की एका क्लिकमध्ये मागे. पण लक्षात ठेवा, स्नॅपशॉट म्हणजे बॅकअप नव्हे. तोही त्याच डिस्कवर असतो. डिस्क गेली की तोही गेला. आणि शेअर्ड फोल्डर जपून वापरा. व्हर्च्युअल मशीनच्या भिंतीला आपणच पाडलेलं ते दार आहे. आतून तिथली फाइल डिलीट केली, तर ती खरोखरच जाते. म्हणून तो ‘रीड-ओन्ली’ ठेवा.

एवढं सांभाळलंत, की आत बिनधास्त मोडतोड करा. लिनक्स मोडून परत उभं करतानाच जास्त कळतं, आणि त्यासाठी घरच्यांचा लॅपटॉप पणाला लावायची गरज नाही.

भेटू पुढच्या भागात!