आंबवलेल्या कोबीची जर्मन भाजी



मागच्या थंडीत आमच्या गटातल्या एका ताईंच्या कोबीचा भाव इतका पडला, की टेम्पोचं भाडंही सुटेना. त्यातला ५ किलो कोबी मी घेतला आणि जर्मन पद्धतीने आंबवायला ठेवला. मीठ घातलं अंदाजाने. दहा दिवसांनी वर केसाळ बुरशी, आणि वास तर विचारूच नका! सगळा उकिरड्यावर गेला. म्हणून आज आधी मिठाचं सांगते.

जर्मनीत याला साउरक्राउट म्हणतात, म्हणजे आंबट कोबी. तिकडे हिवाळ्यात ताजी भाजी मिळायची नाही, म्हणून कोबी बरण्यांत आंबवून ठेवायची जुनी रीत. व्हिनेगर नाही की विरजण नाही. दह्यात असतात तसले जीवाणू कोबीच्या पानांवर मुळातच असतात. मीठ मिळालं आणि हवा बंद झाली की ते कामाला लागतात.

१ किलो बारीक चिरलेल्या कोबीला २० ग्रॅम मीठ. वजनकाट्यावर मोजा, मुठीने नको. हाताने चांगलं चोळलं की पाणी सुटतं. काचेच्या किंवा चिनी मातीच्या बरणीत दाबून भरा, वर कोबीचं अख्खं पान आणि उकळून घेतलेला दगड ठेवा. कोबी सुटलेल्या पाण्यात बुडालेलाच हवा. माझी दुसरी चूक तीच होती. झाकण सैल ठेवा, आतून वायू येतो. तिकडच्या थंडीत चार ते सहा आठवडे लागतात. आपल्याकडे लवकर आंबतो, पण उन्हाळ्यात गिळगिळीत होतो, तेव्हा थंडीतच करा.

आता भाजी. ते डुकराच्या चरबीत कांदा परततात, आपल्याला तेल चालतं. कांदा गुलाबी झाला की आंबवलेला कोबी, सफरचंदाच्या फोडी, तमालपत्र, थोडं शहाजिरं. वाटीभर पाणी घालून मंद आचेवर अर्धा तास. शेवटी एक कच्चा बटाटा किसून घाला, रस दाटतो. वरून मीठ नको! फार खारट वाटला तर कोबी आधी पाण्यातून काढा. रक्तदाब असलेल्यांनी बेतानेच खावा. तिकडे ही भाजी सॉसेज आणि बटाट्याबरोबर वाढतात.

दुसऱ्या खेपेला मी २ किलोच केला. ताईंनी भाकरीबरोबर खाल्ला आणि लगेच विचारलं, "विकायचा कितीला?" विकायचा तर अन्न सुरक्षेची नोंदणी आधी काढावी लागेल. त्याचे कागद घेऊन आम्ही दोघी सोमवारी तालुक्याला जाणार आहोत.